पाहुणा किती देवांचा

धानोऱ्याला मी ग्रामसेविका होते तेव्हाची ही हकीकत. चांद्याला मॅट्रिक झाले, सेविकांच्या शिबिरात शिवण, बाळांची निगा आणि बिनधुराची चूल एवढं शिकले आणि पुन्हा त्याच रानात आले, जिथे लहानपण गेलं होतं. वडील जंगलखात्यात नाकेदार. नाक्याभोवती सगळी गोंडांचीच घरं. त्यामुळे गोंडी मला मराठीबरोबरच आली, आणि नोकरीत शिवणापेक्षा तीच जास्त कामाला आली.

मोह गळायचे दिवस होते. बी.डी.ओ. साहेबांनी बोलावणं धाडलं म्हणून मी कचेरीत गेले. साहेब पुण्याकडचे, स्वभावाने चांगले, पण कुठल्याही नव्या गोष्टीने घाबरून जाणारे. त्यांच्यासमोर नागपूरहून आलेली तार होती.

"आफ्रिकेतून एक मोठे पुढारी विकासाची कामं बघायला येत आहेत," ते म्हणाले. "सिंदेवाहीचं भाताचं केंद्र बघून इकडे येणार. एखादं रानातलं गाव दाखवा म्हणताहेत. ते सगळं ठीक आहे. पण खाली लिहिलंय की हे कवीसुद्धा आहेत. कवीला काय दाखवायचं असतं?"

मला काय ठाऊक! मी म्हटलं, "साहेब, चूल तर दाखवूच."

चूल दाखवायला आम्ही धानोऱ्यापासून आत असलेलं एक गोंडांचं गाव निवडलं. तिथला गायता, म्हणजे गावचा पुजारी आणि म्होरक्या, मला लेकीसारखा मानायचा. त्याच्या विधवा बहिणीच्या घरी मी माझ्या हाताने बिनधुराची चूल बांधून दिली होती. साहेबांनी आदल्या दिवशी गावात जाऊन आंब्याच्या पानांची तोरणं लावायला सांगितलं. आणखीही काही सांगितलं होतं, ते मला नंतर कळलं.

जीप आली ती वैनगंगेच्या रेतीतून आल्यामुळे पांढरी झालेली. आमचा ड्रायव्हर आधी उतरला आणि माझ्या कानाशी येऊन म्हणाला, "बाई, मले वाटलं मोठा पाहुणा म्हणजे गोरा असन. हा तं आपल्यातलाच दिसून राह्यला."

पाहुणा उंच, सडपातळ, काळा कुळकुळीत. समोरच्या दोन दातांत फट होती, त्यामुळे हसला की एकदम लहान वाटायचा. एवढ्या उन्हात कोट आणि टाय. त्याच्याबरोबर दिल्लीहून आलेले एक गृहस्थ होते, मूळचे पांडिचेरीचे. पाहुण्याची भाषा फ्रेंच. पांडिचेरीकर ती इंग्रजीत सांगायचे, साहेब इंग्रजीचं मराठी करायचे, आणि मराठीचं गोंडी मी. गावातून उत्तर आलं की पुन्हा उलटी वाट. एकेका वाक्याला इतका वेळ लागे, की उत्तर येईपर्यंत मूळ प्रश्न काय होता हे माणसं विसरून जात.

गावाला जाताना वाटेत साहेबांनी त्याची चौकशी केली. मी मागे बसून जमेल तेवढं इंग्रजी पकडत होते. त्याच्या देशावर परक्यांचं राज्य होतं, आणि हा माणूस त्या परक्यांच्याच राजधानीत, त्यांच्याच सभेत निवडून गेलेला होता. तिथे तो आपल्या लोकांच्या भुईमुगाच्या भावासाठी आणि शाळांसाठी भांडायचा. साहेबांनी विचारलं, तुरुंगात किती वर्षं होता? तो म्हणाला, एकदाही नाही. साहेबांचा चेहरा पडला. आपल्याकडे तेव्हा पुढारी म्हटला की तुरुंग आलाच. ते मला हळूच मराठीत म्हणाले, "म्हणजे हा त्यांच्या बाजूचा की त्यांच्या विरुद्धचा?" मला तेच विचारावंसं वाटत होतं. शेजारी बसलेला तो माणूस मात्र बाहेर मोह वेचायला निघालेल्या बायकांकडे बघत होता. त्यांच्या टोपल्यांवरून नजर हलवत नव्हता.

गावात चूल बघून झाली. त्याने खाली बसून तिच्यात डोकावून पाहिलं, लाकूड किती लागतं ते विचारलं, आणि जपानी पद्धतीच्या भातशेतीबद्दल असे नेमके प्रश्न केले की साहेबांना मान वळवून माझ्याकडे बघावं लागलं. मला वाटलं, चला, हा पुढारीच आहे, कवी वगैरे कुणीतरी उगीच लिहिलं. तेवढ्यात तो उठला आणि म्हणाला, आता मला गाणी ऐकायची आहेत.

चिंचेखाली बायका जमल्या. गायत्याच्या बहिणीने सुरुवात केली. रेला रे रेला, एकीने म्हणायचं, बाकीच्यांनी उचलायचं. पाहुणा डोळे मिटून ऐकत होता आणि त्याचा बूट धुळीत हलत होता. गाणं संपल्यावर त्याने विचारलं, रेला म्हणजे काय? प्रश्न माझ्यापर्यंत आला आणि मी अडले. जन्मापासून ऐकत आलेला शब्द, पण अर्थ कधी विचारला नव्हता. मी गायत्याच्या बहिणीला विचारलं. (गावातल्यांचं बोलणं इथे आमच्या झाडीबोलीत लिहिते, गोंडी लिहिली तर फार थोड्यांना कळेल.)

"रेला म्हणजे रेला," ती म्हणाली. "आनखी काय असते?"

हे उत्तर तीन भाषांतून गेलं. ते ऐकून पाहुणा इतका खूश झाला, की मला वाटलं वाटेत कुणीतरी काहीतरी भलतंच सांगितलं असणार.

मग त्याने आपली कविता म्हटली. हातात कागद नव्हता. गुडघ्यावर बोटांनी ताल धरून तो बराच वेळ म्हणत राहिला. कुठे आवाज अगदी खाली जाई, कुठे एकच शब्द पुन्हा पुन्हा येई. बायका गप्प होऊन ऐकत होत्या. संपल्यावर सगळ्यांनी पांडिचेरीकरांकडे पाहिलं. त्यांनी घाम पुसला आणि एवढंच म्हणाले, "ते त्यांच्या मामाविषयी आहे."

"मामाविषयी आहे," साहेब म्हणाले.

"मामाचं गानं व्हय," मी म्हणाले. एवढ्या मोठ्या कवितेचं माझ्या हाती तेवढंच आलं.

गायत्याच्या बहिणीने विचारलं, "हे गानं तुले तुह्या मायनं शिकवलं का?"

प्रश्न गेला, उत्तर आलं. नाही, मी स्वतः रचलं. माझ्या आईला ते कळत नाही. ज्या भाषेत ते आहे ती भाषा तिला येत नाही.

बायका एकमेकींकडे बघू लागल्या. "नीट सांग बाई," गायत्याची बहीण मला म्हणाली, "तू काईतरी चुकून राह्यली." मी साहेबांना पुन्हा विचारायला सांगितलं. तेच उत्तर आलं. आईला येत नाही त्या भाषेत मुलगा मामाचं गाणं रचतो, हे कुणालाच पटेना. खरं म्हणजे मलाही पटलं नाही. शाळेत शिकलेल्या इंग्रजी कविता मी पाठ म्हणायचे, पण त्या भाषेत माझ्या मामाला हाक मारायचं मला कधी सुचलं नसतं. पाहुण्याला आमचा गोंधळ दिसत होता. तो दातांतली फट दिसेल इतकं हसला, पण ते हसू मघासारखं नव्हतं.

"मामाले झालं काय?" दुसऱ्या एकीने विचारलं.

मामा गुरं राखायचा. परक्यांच्या लढाईत त्याला शिपाई करून नेलं. तो परत आला नाही.

"मंग त्याचा दगड लावला का?"

हा प्रश्न साहेबांनी गाळायला बघितला. पण पाहुण्याने 'काय म्हणाली' असं हातानेच विचारलं, तेव्हा सांगावं लागलं. कसला दगड, त्याने विचारलं. आता गायता पुढे आला. तोपर्यंत तो एका बाजूला घुम्यासारखा बसला होता आणि त्याचं कारण मला कळलं नव्हतं.

"मानूस मेला की त्याचे भाऊबंद त्याच्या नावाचा दगड आनून उभा करतात," गायता म्हणाला. "माह्या भावाचा आज लावाचा होता. सोयरे येऊन बसले हायेत, ढोल आनले हायेत. पन साहेबानं सांगतलं, पाहुना येनार हाये, आज नाई कराचं. मंग आमी थांबलो."

मी साहेबांकडे पाहिलं. ते लाल झाले होते. त्यांनी इंग्रजीत काय सांगितलं ते मला कळलं नाही, पण पांडिचेरीकरांनी बहुधा सगळं सरळ सांगितलं. कारण पाहुणा ताडकन उभा राहिला. माझ्यामुळे तुम्ही मेलेल्या माणसाला थांबवून ठेवलंत? असं तो म्हणाला, किंवा असं काहीतरी म्हणाला. आजच करा. मीही हात लावतो.

त्यावर गायत्याने मान हलवली. दगडाला कुणीही हात लावून चालत नाही. त्याने पाहुण्याला आपादमस्तक पाहिलं आणि विचारलं, "तू किती देवाचा?"

गोंडांत हे आधी विचारतात. कुणी चार देवांचे, कुणी पाच, कुणी सहा, कुणी सात. त्यावरून भाऊ कोण आणि सोयरा कोण ते ठरतं. मी साहेबांना हे समजावून सांगितलं, पण त्यांनी पुढे फक्त 'तुमचे देव किती' एवढंच विचारलं असावं. उत्तर आलं, "एक."

गावात हसू फुटलं. एका देवाचं कूळ कुणी ऐकलेलं नव्हतं. एका म्हातारीला खरोखरच काळजी वाटली. "अगं बाई, मंग याचं लगन कोनासंगं झालं?"

गायता हसला नाही. त्याने दुसऱ्या बाजूने विचारलं, "तुमच्यात काय खात नाई?" प्रत्येक कुळाचं काहीतरी राखलेलं असतं, ते खायचं नाही, मारायचं नाही. हा प्रश्न पलीकडे पोचला तेव्हा पाहुण्याचा चेहरा बदलला. त्याने ताबडतोब, लांबलचक काही सांगितलं, हाताने पाठीची गोलाई दाखवली, मान आत-बाहेर करून दाखवली. पांडिचेरीकर साहेबांशी बोलले. साहेब मला म्हणाले, "त्यांच्याकडे कासव खात नाहीत."

मी म्हणाले, "याईच्या घरी कासव नाई खात."

चिंचेखालच्या सगळ्यांनी गायत्याकडे पाहिलं. गायत्याचं कूळही कासवाचंच. तो पाहुण्याजवळ गेला, त्याचे दोन्ही हात धरले आणि म्हणाला, "मंग काऊन नाई सांगतलं तू? भाऊ होय तू आमचा."

पाहुण्याने आणखी एक मागणं केलं. भावाच्या दगडाशेजारी मामासाठी एक लहानसा दगड लावू का? गायता विचारात पडला. त्याने आपल्या माणसांना बाजूला नेऊन विचारलं आणि परत येऊन नाही म्हणाला. मामा दुसऱ्या कुळाचा असतो, त्याचं त्याच्या भाऊबंदांनी करायचं, भाच्याला ते काम नाही. पाहुणा त्यावर वाद घालील असं मला वाटलं, सभेत भांडणारा माणूस तो. त्याने तोंड उघडलंही. मग मिटलं, मान खाली घातली, आणि कोट काढून साहेबांच्या हातात दिला.

दगड नाल्याच्या काठी पडला होता. वेलांचे दोर बांधून भाऊबंदांनी तो ओढायला घेतला. सोयऱ्यांनी ढोल धरले. परदेशचा पुढारी घामाने थबथबलेल्या पांढऱ्या सदऱ्यात गायत्याच्या मागे दोर ओढतोय, आणि साहेब तो कोट तान्ह्या पोरासारखा दोन्ही हातांवर धरून शेजारून धावताहेत, हे मी या डोळ्यांनी पाहिलं. "त्यांचा पाय मोडला तर दिल्लीला काय सांगू?" ते मला विचारत होते. दगड उभा राहिला तेव्हा पाहुणा रडत होता. मोठ्याने नाही. भावासाठी रडत होता की मामासाठी, की दोर ओढून हाताला फोड आले होते म्हणून, मला सांगता येणार नाही. गायत्याची बहीण त्याच्याकडे टक लावून बघत होती.

हे सगळं आटोपून आम्ही जीपजवळ आलो. साहेबांना आता मोठं काम फत्ते झाल्यासारखं वाटत होतं. ते पांडिचेरीकरांना म्हणाले, "काय योगायोग, नाही? यांचंही कूळ कासवाचंच निघालं."

पांडिचेरीकर म्हणाले, "त्यांचं नाही. ते म्हणाले, माझ्या आईच्या माहेरी कासव खात नाहीत. मी तसंच सांगितलं तुम्हाला."

एवढं इंग्रजी मला कळत होतं. साहेब म्हणाले, तुम्ही तसं सांगितलंच नाही. पांडिचेरीकर म्हणाले, सांगितलं. साहेबांनी माझ्याकडे वळून विचारलं, मी तुम्हाला काय सांगितलं होतं? 'त्यांच्याकडे' असं ते म्हणाले होते. मी 'घरी' म्हटलं. आई कुठल्या भाषेत गळून पडली, की पाहुण्यानेच तिचं नाव घेतलं नव्हतं, हे तिघांपैकी कुणालाच नक्की सांगता येईना. आणि आईकडचं कासव असेल तर गायत्याच्या हिशेबाने हा त्याचा भाऊ ठरत नाही, सोयरा ठरतो. भाऊबंदांच्या दोराला सोयऱ्याने हात लावला असा त्याचा अर्थ.

ते दोघे वाद घालत विहिरीकडे हातपाय धुवायला गेले. पाहुणा जीपच्या सावलीत एकटा उभा होता. मी कधी साहेबासमोर इंग्रजी बोलायला धजले नव्हते, पण तेव्हा त्याच्याजवळ गेले. मॅट्रिकचं जेवढं होतं तेवढं गोळा केलं आणि विचारलं, कासव आईचं की वडिलांचं?

त्याला प्रश्न कळला. अगदी नक्की कळला, कारण तो क्षणभर थांबला, माझ्याकडे नीट बघितलं आणि मग उत्तर देऊ लागला. इंग्रजीचे दोन शब्द बोलून त्याने ती सोडून दिली आणि आपल्या फ्रेंचमध्ये शिरला. किती तरी वेळ बोलला. मध्येच गावाकडे हात केला, मध्येच स्वतःच्या छातीवर ठेवला, एकदा जमिनीवर चपलेच्या ठशासारखं काही बोटाने काढून दाखवलं. त्याच्या डोळ्यांवरून दिसत होतं की तो मनापासून सांगतोय, आणि मला सांगतोय. मी मान हलवत राहिले. त्यातला एकही शब्द मला कळला नाही. तो थांबला, माझ्या खांद्याला हलकेच हात लावला आणि जीपमध्ये जाऊन बसला. मघाचे दोघे आले तेव्हा निघायची घाई झाली होती. तो काय म्हणाला ते विचारून सांगा, असं पांडिचेरीकरांना म्हणायचं माझ्या मनात आलं, पण जीप सुरू झाली.

त्यानंतर मी गावात जात राहिले. गायता त्या परदेशच्या भावाची चौकशी करायचा. नव्या भाताच्या सणाला त्याच्या नावाने पानावर वाटा काढायचा. मी आईचं आणि माहेराचं काही बोलले नाही. काय बोलणार? मला स्वतःलाच माहीत नव्हतं.

पुढे काही वर्षांनी त्याच्या देशाला स्वातंत्र्य मिळाल्याची बातमी आली. त्या देशाचं नाव मी लिहीत नाही, कारण मी तेव्हा ऐकलेलं नाव आणि वर्तमानपत्रातलं नाव एकच होतं का, याचीही मला खात्री नाही. नव्या सरकारच्या लोकांचा फोटो होता. मधला उंच माणूस तोच, असं साहेब म्हणाले. ड्रायव्हर म्हणाला, नाही. फोटोतल्या माणसाचं तोंड मिटलेलं होतं, दात दिसत नव्हते. त्याच्याबद्दल पुढे जे वाचलं तेही असंच. एका ठिकाणी लिहिलेलं, त्याने देश सावरला, गावोगावी शाळा काढल्या. दुसऱ्या ठिकाणी लिहिलेलं, त्याने जुन्या सोबत्यांना तुरुंगात घातलं. कविता लिहितो की नाही, याबद्दल कुणीच काही लिहिलं नव्हतं.

माझी सिरोंच्याला बदली झाली. निघण्याआधी तो फोटो घेऊन मी गावात गेले. गायत्याने कागद उन्हात धरला, डोळे बारीक करून पाहिला आणि म्हणाला, "होय, हाच आपला भाऊ. म्हतारा झाला थोडा."

त्याची बहीण सूप घेऊन मोह पाखडत होती. ती वर न बघता म्हणाली, "भाऊ कशाचा? मायकडचं कासव होतं त्याचं."

मी दचकले. "तुमाले कोनं सांगतलं?"

"कोन सांगन? मामाच्या दगडासाठी रडून राह्यला होता तो. कासव बापाकडचं असतं तं मामाचा दगड कासवाच्या दगडाजवळ काऊन मागन?"

"मंग तेव्हाच काऊन नाई बोलल्या तुमी?"

"दगड जड होता," ती म्हणाली. "अन् त्याले ओढाचा होता."

गायता चिडला. तो म्हणाला, हिला काही कळत नाही, त्याने माझ्यासमोर कासव करून दाखवलं, असं कुणी दुसऱ्याच्या कुळाचं करत नाही. ती म्हणाली, तुला भाऊ पाहिजे होता, म्हणून तुला भाऊ दिसला. तो म्हणाला, मग वाटा आजपर्यंत कोणाला काढला मी? ती म्हणाली, ते तू जाण. दोघेही माझ्याकडे बघू लागले, कारण मधे मी होते, दोन्हीकडचं मीच सांगितलं होतं.

  गायत्याने फोटो घडी करून कमरेला खोचला. त्याच्या बहिणीने मला सोबत न्यायला मोहाची पुडी बांधून दिली. दोघांचं भांडण चालूच होतं, आणि सिरोंच्याची मोटार धानोऱ्याहून सुटणार होती, म्हणून मी उठले.